श्वासाच्या वाटेवरचा एक मिलिमीटर

शहाळ्याचे पाणी पिण्याची जाड नळी आणि सरबताच्या खोक्याला चिकटवलेली बारीक नळी, अशा दोन नळ्या मिळवा. नाक चिमटीत धरून आधी जाड नळीतून दोन-तीन श्वास घ्या, मग बारीक नळीतून. (दमा असणाऱ्यांनी हा प्रयोग करू नये आणि इतरांनीही दोन-तीन श्वासांवर थांबावे.) जाड नळीतून श्वास घेणे थोडे अवघड वाटते. बारीक नळीतून मात्र दुसऱ्याच श्वासाला जीव कासावीस होतो. नळीची रुंदी फार तर निम्मी झाली असेल, मग त्रास केवळ दुप्पट का होत नाही?

या प्रश्नाचे उत्तर पॅरिसमधील प्वाझय या वैद्याने शोधले. हे गृहस्थ वैद्य होते आणि पदार्थविज्ञानाचे अभ्यासकही होते. सूक्ष्म रक्तवाहिन्यांतून रक्त कसे वाहते हे त्यांना जाणून घ्यायचे होते, म्हणून त्यांनी काचेच्या केसासारख्या नळ्यांतून पाणी सोडून मोजमापे केली. १८४० च्या सुमारास त्यांचे निष्कर्ष प्रसिद्ध झाले. जर्मनीतील हागेन नावाच्या अभियंत्यानेही जवळजवळ त्याच वेळी, स्वतंत्रपणे, तोच नियम शोधला होता. प्रवाह संथ आणि स्तरीय असेल तर नळीचा रोध तिच्या त्रिज्येच्या चतुर्थ घाताच्या व्यस्त प्रमाणात असतो, असा हा नियम आहे. म्हणजे त्रिज्या निम्मी झाली की रोध २ × २ × २ × २, अर्थात १६ पट होतो. लांबी दुप्पट केली तर रोध दुप्पटच होतो, पण रुंदीच्या बाबतीत निसर्ग फार कडक हिशेब करतो.

हा नियम शाळेच्या प्रयोगशाळेत शिकण्यासारखा आहेच, पण त्याचे सर्वांत गंभीर उदाहरण तुमच्या-माझ्या गळ्यात आहे.

नाक, घसा, स्वरयंत्र आणि त्याखालची श्वासनलिका हा हवेचा वरचा मार्ग. प्रौढ माणसाच्या श्वासनलिकेचा व्यास हिशेबासाठी १६ मिलिमीटर धरू. तान्ह्या मुलाच्या स्वरयंत्राच्या लगेच खाली एक अरुंद जागा असते, तिचा व्यास सुमारे ४ मिलिमीटर. आता दोघांनाही सर्दीचा एकच विषाणू गाठतो आणि नळीच्या आतल्या अस्तराला सगळीकडून १ मिलिमीटर सूज येते असे समजा. प्रौढाची त्रिज्या ८ वरून ७ मिलिमीटर होते. (८ ÷ ७) चा चतुर्थ घात काढला तर रोध सुमारे १.७ पट होतो. गृहस्थ थोडे खोकतात, आवाज बसतो, पण कामावर जातात. बाळाची त्रिज्या मात्र २ वरून १ मिलिमीटर होते. हवेच्या वाटेचे क्षेत्रफळ चौथा हिस्सा उरते आणि रोध १६ पट होतो. सूज तेवढीच, पण बाळ छाती फुटेस्तोवर श्वास ओढू लागते. लहान मुलाचा घसा सुजला की डॉक्टर अधिक काळजीत का पडतात, ते या गुणाकारावरून कळेल.

येथे आणखी एक गोष्ट ध्यानात घ्यायला हवी. प्वाझयचा नियम संथ प्रवाहाचा. अरुंद फटीतून हवा वेगाने घुसते तेव्हा प्रवाह संक्षुब्ध होतो, भोवरे उठतात. पावसाळ्यात मोरीच्या तोंडाशी पाणी कसे खळाळते ते आठवा. अशा प्रवाहासाठी लागणारा दाब वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो आणि त्रिज्येचा तर पाचवा घात मोजावा लागतो. श्वासाचा वेग दुप्पट केला की दाब चौपट लागतो. रडणारे मूल जोरजोराने श्वास ओढते, म्हणजे स्वतःच्याच संकटात भर घालते. श्वास अडकत असलेल्या मुलाला रडवू नये, आईच्या मांडीवरून उचलू नये, त्याला हवे तसे बसू द्यावे, घशात चमचा घालून पाहू नये, असे बालरोगतज्ज्ञ बजावून सांगतात. ही नुसती मायेची गोष्ट नाही, वेगाच्या वर्गाचा नियम त्यामागे आहे.

आवाजावरून जागा ओळखणे

अडथळा आहे हे कळले, पण तो नेमका कोठे आहे? गळा उघडून पाहता येत नाही. येथे कान उपयोगी पडतो.

घट्ट लस्सी पातळ नळीने ओढताना नळी चपटी झालेली तुम्ही पाहिली असेल. ओढल्यामुळे नळीतील दाब बाहेरच्या हवेच्या दाबापेक्षा कमी होतो आणि बाहेरची हवा नळीला दाबून टाकते. गळ्यातील श्वासमार्गाचे असेच होते. हा भाग छातीच्या पिंजऱ्याबाहेर असल्यामुळे त्याच्याभोवती नेहमीचा हवेचा दाब असतो. श्वास आत घेताना आतला दाब घटतो आणि आधीच अरुंद झालेली जागा अधिक आवळते. त्यामुळे वरच्या मार्गात अडथळा असेल तर श्वास *आत घेताना* तार स्वरातला कर्कश आवाज येतो. डॉक्टर त्याला स्ट्रायडॉर म्हणतात. छातीच्या आतल्या नळ्यांचे बरोबर उलट होते. श्वास घेताना छाती फुगते, सभोवतालचा दाब उतरतो आणि त्या नळ्या ताणून रुंद होतात. सोडताना मात्र त्या दाबल्या जातात. म्हणून दम्याची शीळ मुख्यतः श्वास *सोडताना* ऐकू येते. आणि दोन्ही वेळा आवाज येत असेल तर? मग अडथळा बहुधा ताठर आहे आणि श्वास आत-बाहेर होताना त्याची रुंदी बदलत नाही, असा तर्क करतात. केवळ कान आणि दाबाची साधी कल्पना यांवर केवढे निदान होते पाहा!

आवाजाबरोबर डोळ्यांनाही पुष्कळ दिसते. छातीचा भाता जोराने ओढू लागला की आत नेहमीपेक्षा कमी दाब निर्माण होतो आणि शरीराचे मऊ भाग आत खेचले जातात. गळ्याखालची खोलगट जागा, बरगड्यांमधल्या फटी, बरगड्यांखालचे पोट प्रत्येक श्वासाला आत जाते. नाकपुड्या फुलतात. तान्ह्या मुलांच्या बरगड्या लवचिक असल्याने त्यांची छातीच आत बसते.

एका फसव्या खुणेबद्दल मात्र सावध राहायला हवे. घशातला घर्र आवाज हळूहळू कमी झाला तर घरच्यांना हायसे वाटते, पण मूल थकलेले, निस्तेज दिसत असेल तर हे फार वाईट लक्षण आहे. आवाज निघायला वाहती हवा लागते आणि हवाच जायची थांबली तर आवाज कशाचा येणार? २०२० सालच्या साथीनंतर घरोघरी आलेल्या, बोटाला लावायच्या ऑक्सिजनमापकावरही येथे विसंबू नये. शरीर बराच वेळ धडपडून तो आकडा टिकवून धरते. आकडा घसरू लागतो तोपर्यंत पुष्कळ उशीर झालेला असू शकतो.

माउंट व्हर्नन येथील एक रात्र

हे सारे लहान मुलांपुरतेच आहे असे कोणी समजू नये. अमेरिकेचे पहिले अध्यक्ष जॉर्ज वॉशिंग्टन १२ डिसेंबर १७९९ रोजी हिम आणि पाऊस अंगावर घेत घोड्यावरून आपल्या शेतावर फिरले. दुसऱ्या दिवशी घसा धरला. १४ तारखेच्या पहाटे त्यांना श्वास घेणे आणि बोलणे जड जाऊ लागले. काकवी, व्हिनेगर आणि लोणी यांचे मिश्रण गिळायला दिले, तेव्हा ते जवळजवळ गुदमरलेच. तीन वैद्य जमले. त्या काळच्या समजुतीप्रमाणे त्यांच्या शरीरातून पुन्हा पुन्हा रक्त काढण्यात आले, आणि ते एकूण दोन लिटरांहून अधिक होते असे मानतात. तिघांत सर्वांत तरुण होते डॉक्टर डिक. श्वासनलिकेला गळ्याच्या पुढून छेद देऊन हवेला नवी वाट करून द्यावी, असे त्यांनी सुचवले. वडीलधाऱ्या दोघांनी ते मानले नाही. त्याच रात्री दहा-अकराच्या दरम्यान सदुसष्ट वर्षांच्या वॉशिंग्टन यांचे निधन झाले.

त्यांना काय झाले होते? आज अनेक डॉक्टरांचा तर्क असा, की स्वरयंत्रावरची एपिग्लॉटिस नावाची पानाच्या आकाराची झडप सुजली असावी. आपण घास गिळतो तेव्हा ही झडप हवेची वाट झाकायला मदत करते. ती सुजली की तीच बूच होऊन बसते. असा रोगी आडवा होऊ शकत नाही. तो पुढे वाकून, हनुवटी पुढे काढून बसतो आणि गिळता न आल्याने लाळ गळते. पूर्वी दोन ते सात वर्षांच्या मुलांत हा आजार विशेष दिसे, आणि त्याचे मुख्य कारण होते हिमोफिलस इन्फ्लुएंझी ‘बी’ हा जीवाणू. त्याची लस आता आपल्याकडील बाळांना पंचगुणी लसीतून मिळते. केरळ आणि तामिळनाडूत ती २०११ साली सुरू झाली आणि पुढे काही वर्षांत देशभर पोचली. ज्या देशांत ही लस आधी रुळली तेथे मुलांमधला हा आजार अगदी विरळ झाला.

गळ्यात पांढरट-करडा पडदा धरणारा घटसर्प हा असाच दुसरा शत्रू. न्यूयॉर्कच्या डॉक्टर ओड्वायर यांनी १८८५ साली घटसर्पाने गुदमरणाऱ्या मुलांच्या स्वरयंत्रात तोंडावाटे धातूची छोटी नळी बसवण्याची पद्धत प्रसिद्ध केली. गळा न कापता वाट मोकळी ठेवायची, ही कल्पना. आजच्या शस्त्रक्रियागृहात भूल देताना जी मऊ नळी श्वासनलिकेत घालतात, ती या घराण्यातलीच. बेरिंग आणि त्यांच्या सहकाऱ्यांचे घटसर्पावरील प्रतिविष त्यानंतर आले आणि वैद्यकाचे पहिले नोबेल पारितोषिक १९०१ साली बेरिंग यांना मिळाले.

आता क्रूप. सहा महिने ते तीन वर्षे वयाच्या मुलांना विषाणूमुळे होणारा हा विकार बहुधा रात्री उठतो. मूल भुंकल्यासारखे खोकते आणि श्वास घेताना कर्कश आवाज येतो. वर आपण ज्या एका मिलिमीटरचा हिशेब केला, तो मुख्यतः याचाच. बहुतेक मुले स्टिरॉइडच्या एका मात्रेने सुधारतात, कारण सूज ओसरते. त्रास जास्त असेल तर ॲड्रेनालिनची वाफ देतात. रक्तवाहिन्या आकुंचन पावतात, अस्तर चोपते आणि अर्धा मिलिमीटर जरी परत मिळाला तरी चतुर्थ घात आता आपल्या बाजूने काम करतो. १ मिलिमीटरची त्रिज्या दीड झाली की रोध पाचपटीने उतरतो.

जागा रुंद करता येत नसेल तर हवाच हलकी करावी, ही युक्ती तर मला फार आवडते. बाराक या अमेरिकन डॉक्टरांनी १९३० च्या दशकात हेलियम आणि ऑक्सिजन यांचे मिश्रण अशा रोग्यांना देऊन पाहिले. ८० टक्के हेलियम आणि २० टक्के ऑक्सिजन घेतला तर मिश्रणाची घनता हवेच्या सुमारे एक तृतीयांश भरते. संक्षुब्ध प्रवाहात लागणारा दाब घनतेच्या प्रमाणात असतो, त्यामुळे रोग्याचे कष्ट लगेच कमी होतात. गंमत अशी, की हेलियमची श्यानता (चिकटपणा) हवेपेक्षा कमी नसून किंचित जास्तच आहे. म्हणून संथ प्रवाहात या मिश्रणाचा काहीच फायदा नाही, फायदा होतो तो भोवऱ्यांच्या जागी. अर्थात हा रोगावरचा इलाज नव्हे. खरा उपाय लागू पडेपर्यंत मिळवलेली ती उसंत आहे.

गळ्यात डोकावणारा गायक

जिवंत माणसाचे स्वरयंत्र प्रथम नीट पाहण्याचे श्रेय ज्यांना देतात ते डॉक्टर नव्हते, गाणे शिकवणारे गुरू होते. मॅन्युएल गार्सिया यांनी १८५४ साली पॅरिसमध्ये दंतवैद्याचा लांब दांड्याचा आरसा गरम पाण्यात बुडवून (म्हणजे त्यावर वाफ धरत नाही) घशात मागे टेकवला, दुसऱ्या आरशाने ऊन त्यावर पाडले आणि स्वतःच्या हलणाऱ्या स्वरतंतूंचे दर्शन घेतले. दोन सपाट आरसे आणि सूर्यप्रकाश, बस्स! पुढे काचतंतूंतून पूर्ण आंतरिक परावर्तनाने प्रकाश वळवत नेणाऱ्या लवचिक दुर्बिणी आल्या आणि आता टोकाला चिमुकला कॅमेरा असलेल्या. आवाज तीन आठवड्यांहून अधिक बसलेला राहिला, विशेषतः बिडी-सिगारेट ओढणाऱ्याचा, तर अशी तपासणी करून घ्यावी लागते. स्वरयंत्राच्या कर्करोगाची ती पहिली सूचना असू शकते.

श्वासनलिकेत गेलेल्या वस्तूंची कथा याहून मोठी आहे. जर्मनीचे किलियन यांनी १८९७ साली सरळ नळी घालून एका रोग्याच्या श्वासमार्गातून हाडाचा तुकडा काढला. फिलाडेल्फियाचे शेव्हालिए जॅक्सन यांनी रोग्यांनी गिळलेल्या किंवा श्वासाबरोबर आत ओढलेल्या दोन हजारांहून अधिक वस्तू काढून त्यांचा संग्रह केला. टाचण्या, नाणी, बटणे, खेळणी असा तो संग्रह तेथील म्यूटर संग्रहालयात आहे. आपल्याकडे असा संग्रह केला तर त्यात शेंगदाणे, फुटाणे, चिंचोके आणि सीताफळाच्या बिया भरपूर निघतील. शेंगदाणा क्ष-किरण चित्रात दिसत नाही, म्हणून डॉक्टर दुसरी खूण शोधतात. दाणा काही वेळा सायकलच्या ट्यूबमधील व्हॉल्व्हसारखा वागतो. श्वास घेताना नळी रुंदावते आणि हवा दाण्याच्या कडेने आत जाते, सोडताना नळी आवळते आणि हवा कोंडते. त्या बाजूचे फुप्फुस फुगलेले राहते आणि चित्रात अधिक काळे दिसते. चार वर्षांखालील मुलाच्या हातात अख्खे दाणे देऊच नयेत. आणि दाणे खाताना ठसका लागून गेलेल्या मुलाचा खोकला आठवडाभर जात नसेल तर ती हकिकत डॉक्टरांना आवर्जून सांगावी.

वर्गात कोणाचा घास अडकला तर

मधल्या सुट्टीत डबा खाताना हसणे-बोलणे चालूच असते. समजा एखाद्याला घास अडकला. तो जोराने खोकत असेल, बोलू शकत असेल, तर त्याला खोकू द्या. माणसाच्या खोकल्याइतके चांगले यंत्र दुसरे नाही. पाणी पाजू नका. डोक्यावर टपली मारून ‘वर बघ’ म्हणण्याची आपल्याकडची रीत येथे चुकीच्या दिशेची आहे, कारण त्याने खाली वाकायला हवे.

पण तोंडातून शब्द फुटत नसेल, खोकल्याचा आवाज येत नसेल, दोन्ही हात गळ्याकडे गेले असतील, तर वेळ मिनिटांत मोजायची असते. एकाने शिक्षकांना बोलवावे आणि १०८ ला दूरध्वनी लावावा. दुसऱ्याने बाजूला उभे राहून त्याला पुढे वाकवावे आणि तळहाताच्या मनगटाजवळच्या भागाने दोन फऱ्यांच्या मध्ये पाच जोरदार थापा माराव्यात. घास निघाला नाही तर त्याच्या मागे उभे राहून, बेंबीच्या थोडे वर आणि छातीच्या हाडाच्या खाली मूठ ठेवावी, दुसऱ्या हाताने ती धरावी आणि आत व वर असे पाच झटके द्यावेत. पुन्हा पाच थापा, पुन्हा पाच झटके. गर्भवती स्त्रीला पोटाऐवजी छातीवर झटके देतात. एक वर्षाखालील बाळाच्या पोटावर कधीही दाब देऊ नये. त्याला हातावर पालथे, डोके खाली करून पाच थापा आणि मग उताणे करून छातीच्या हाडावर पाच दाब द्यावेत. न दिसणारा घास बोटाने चाचपू नये, तो आणखी खोल जातो. माणूस बेशुद्ध पडला तर त्याला जमिनीवर निजवून छाती दाबण्याची क्रिया सुरू करावी लागते. ती शाळेत प्रत्यक्ष शिकून घ्यावी. पोटावर झटके दिलेल्या माणसाला नंतर डॉक्टरांना दाखवावेच, कारण आतल्या अवयवांना इजा झालेली असू शकते. मित्रावर गंमत म्हणून हा प्रयोग करू नये हेही ओघानेच आले.

पोटावरच्या झटक्यामागची कल्पना तुम्हांला प्लॅस्टिकच्या बाटलीत पाहता येईल. रिकाम्या बाटलीच्या तोंडात कागदाचा बोळा बसवा आणि बाटली एकदम दाबा, बोळा उडतो. श्वास सोडल्यावरही प्रौढाच्या फुप्फुसांत दोन लिटरांच्या आसपास हवा उरते. झटक्याने पडदा वर ढकलला जातो, आकारमान घटते, बॉइलच्या नियमाने दाब वाढतो आणि घासाला खालून धक्का बसतो. अमेरिकेचे डॉक्टर हाइमलिख यांनी ही पद्धत १९७४ साली मांडली. त्यापूर्वी उपाहारगृहात जेवता जेवता कोसळलेल्या माणसाला हृदयविकाराचा झटका आला असेच पुष्कळदा समजले जाई. पाठीवरच्या थापांना हाइमलिख यांचा कडवा विरोध होता आणि त्यावर वर्षानुवर्षे वाद झाला. आज प्रथमोपचाराच्या प्रमुख संस्था थापा आणि झटके आळीपाळीने द्यायला सांगतात. २०१६ साली, वयाच्या शहाण्णवाव्या वर्षी, हाइमलिख यांनी आपल्याच वृद्धनिवासात जेवताना गुदमरलेल्या एका बाईंचा घास याच पद्धतीने बाहेर काढला.

जाता जाता तुमच्या बॉलपेनाच्या टोपणाचा शेंडा पाहा. पुष्कळ टोपणांना तेथे भोक असते. ते शाई वाळू नये म्हणून किंवा शोभेसाठी नाही. टोपण चघळताना श्वासमार्गात गेलेच, तर थोडी तरी हवा त्यातून जात राहावी, म्हणून ते ठेवलेले असते. त्यासाठी आंतरराष्ट्रीय मानकही आहे. आता एक गणित तुमच्यासाठी : एका मुलाच्या श्वासमार्गाचा व्यास ५ मिलिमीटर आहे आणि अस्तराला सगळीकडून अर्धा मिलिमीटर सूज आली. संथ प्रवाहात रोध किती पट होईल? आणि प्रवाह संक्षुब्ध असेल तर किती पट दाब लागेल?